चष्मा काढणारे डॉक्टर

केळुसकर ज्या दारातून बाहेर पडत, त्या दारासमोर एक बाक असे आणि बाकावर रडवेली माणसं. त्यांना बघून ती उठत.

बावीस वर्षं मालिकांमध्ये त्यांना एकच काम मिळालं. ऑपरेशन थिएटरमधून बाहेर यायचं, चष्मा काढायचा, "आम्ही खूप प्रयत्न केले" म्हणायचं. दुसरं काम मागितलं की दिग्दर्शक म्हणे, "काका, तुमच्यासारखा चष्मा कुणाला काढताच येत नाही."

पुढे बाक घरी आला. न्हाणीघरातून निघाले तर समोर अनोळखी म्हातारी, मांडीवर थर्मास.

"डॉक्टर, देवीला नारळ बोललेय हो!"

"अहो, मी अंघोळ करून येतोय!" केळुसकर खेकसले. चष्म्यावर वाफ धरली होती, म्हणून पुसायला काढला. म्हातारीने हंबरडा फोडला. तिचा माणूस त्याच घटकेला गेला होता. तेव्हापासून ते चष्मा लावूनच झोपत.

अशात त्यांची बायको सुलभा हृदयाच्या दुखण्याने दवाखान्यात पडली. लेकीचा, मृणालचा फोन आला. "बाबा, आई सारखी दाराकडे बघतेय. या ना लवकर."

ते गेले. खोलीचं दार ढकलून आत शिरले, तर निघाले बाहेरच. समोर बाक. वळून तेच दार पुन्हा ढकललं. पुन्हा बाहेर, दुसरा बाक, दुसरी माणसं.

"काय झालं हो डॉक्टर?"

"मला काय विचारता? माझी बायको आहे आत!"

"सगळे असंच उडवून लावतात," बाकावरचा जावई सासऱ्याला म्हणाला.

एकोणीस वेळा असं झालं. दरवेळी दारामागून सुलभाबाईंचा खोकला ऐकू येई आणि शिरलं की पाठीमागे राही. केळुसकर मेटाकुटीला आले. मग त्यांनी दाराकडे पाठ केली आणि उलट्या पावलांनी आत सरकू लागले.

जमलं. औषधांचा वास आला. खाट दाराला लागूनच होती. मागे नेलेला हात ओळखीच्या बोटांनी धरला.

"आलात का हो?"

केळुसकरांचे डोळे भरले. समोर उघड्या दारापलीकडे बाक होता. त्यावरून मृणाल उठली.

"डॉक्टर?" ती म्हणाली.

चष्मा धुरकटला, लेक दिसेनाशी झाली. मागचा हात सुलभाबाईंनी घट्ट धरला होता. दुसरा हात चष्म्याकडे निघाला.