साहेबांची अर्धी हजामत

आरोग्य खात्याच्या साहेबांना टोपीचा तिटकारा होता. टोपीने केस बसतात, आणि आपले केस म्हणजे खात्याची शान, असं त्यांचं मत. निदान त्यांचं तरी. बाकी 'टोपी घाला, लांब बाह्या घाला, भर दुपारी सावलीत राहा, त्वचेचा कॅन्सर टाळा' ही पत्रकं गावभर त्यांनीच डकवली होती, म्हणून तर लोक त्यांना सावलीसाहेब म्हणत. डकवणारी माणसं ती भर दुपारी बाराला डकवत, आणि साहेब गाडीत बसून ती सरळ लागली का ते बघत.

दर तीन आठवड्यांनी ते मावशींच्या सलूनात येत. मावशींचं साहेबांबद्दलचं मत काडीइतकंही चांगलं नव्हतं, पण मताने कात्री बोथट होत नाही, असं त्या म्हणत.

त्या मंगळवारी डावी बाजू झकास कापून झाली. मावशींनी उजवा कान दुमडला आणि थांबल्या.

"साहेब, हा कानामागचा डाग दाखवलात का कुणाला?"

"कसला डाग?"

"दोन खेपांमागे मसुराएवढा होता. आता शर्टाच्या बटणाएवढा झालाय. कडाही उंदराने कुरतडल्यासारख्या."

"जन्मखूण असेल."

"पन्नाशीनंतर उगवली म्हणायची. सरकारी दिसतेय."

बाकावर नंबर लावून बसलेला गवंडी वर्तमानपत्राआड खोकला.

"मावशी, या विषयावर मी भाषणं देतो," साहेब म्हणाले. "'आपली त्वचा आपणच तपासा' हे वाक्य माझं आहे."

"छान आहे. तपासा बघू मग."

साहेबांनी आरशात मान उजवीकडे फिरवली, डावीकडे फिरवली, पाणी पिणाऱ्या कोंबडीसारखी वर केली. कानामागचं कुणाला दिसलंय?

"काही दिसत नाही," ते म्हणाले. "म्हणजे काही नाही. तुमचं काम केस कापणं. कडेकडेने कापा, धक्का लावू नका, झालं."

कडेकडेने. मावशींचा हात तिथेच राहिला. त्यांचे यजमान पत्र्याची छपरं घालायचे, तीस वर्षं उघड्या मानेने. मानेवर असाच एक डाग होता, आणि दोन वर्षं मावशींनी त्याच्या कडेकडेने केस कापले होते. इतके सफाईने, की कधी रक्ताचा थेंब आला नाही. यजमान हाताची तारीफ करायचे. शेवटी दवाखान्यात नेलं तेव्हा दुखणं फुप्फुसात उतरलं होतं. डॉक्टरांनी एवढंच विचारलं, हा आधी कुणाला दिसला नाही का? दिसला होता की. दर महिन्याला दिसत होता.

मावशींनी कात्री ड्रॉवरमध्ये ठेवली, कुलूप लावलं आणि साहेबांच्या गळ्यातलं कापड झटकलं.

"झालं."

"झालं कसं? उजवी बाजू?"

"डॉक्टरांची चिठ्ठी आणा, मग कापते."

"गुरुवारी माझ्या हस्ते तपासणी शिबिराचं उद्घाटन आहे."

"म्हणजे मधे अख्खा बुधवार आहे."

"मी दुसरीकडे जाईन."

"जा की. गावात दुसरं सलून माझ्या दिराचं. त्याला आत्ताच फोन करते. माझे यजमान गेले ते त्याचेच सख्खे भाऊ."

साहेब दवाखान्यात गेले नाहीत. त्यांनी टोपी विकत घेतली.

गुरुवारी मावशी सलून बंद ठेवून, छत्री घेऊन शिबिराला गेल्या. मांडव फक्त व्यासपीठावर होता. सावलीत सात खुर्च्या, उन्हात तीनशे माणसं. साहेब रुंद काठाची टोपी घालून उभे राहिले तेव्हा टाळ्या पडल्या. बोले तैसा चाले, असं कुणीतरी म्हणालंसुद्धा. उन्हापासून कसं जपावं, यावर ते चाळीस मिनिटं बोलले. पुढच्या रांगेतल्या एका आजींना घेरी आली, तेवढ्यापुरते थांबले.

मग त्वचेच्या डॉक्टरीणबाई उठल्या. "पहिली तपासणी साहेबांची," त्या म्हणाल्या. "फोटोग्राफर, पुढे या. साहेब, टोपी काढा."

"माझं राहू द्या. लोकांचं बघा."

"आधी तुमचं. लोकांना धीर येतो."

टोपी निघाली. डावीकडे साहेब होते, उजवीकडे झाडोरा. तीनशे माणसं एकदम हसली, आणि फोटोग्राफरने कर्तव्य केलं. डॉक्टरीणबाईही हसत होत्या. हसत हसतच त्यांनी कान दुमडला, आणि त्यांचं हसू थांबलं.

मावशींनी छत्री सावरली आणि त्या घरी गेल्या.

महिन्याभराने साहेब सलूनात आले, तीच टोपी घालून. कानामागे पट्टी, कानाची पाळ जराशी कमी. डाग वाईटच निघाला होता, पण खोल गेला नव्हता. मुळासकट काढता आला.

"वेळेत सापडला," खुर्चीत बसत ते म्हणाले. "माणसाने सजग असावं लागतं. शिबिरात मी स्वतः पुढे होऊन तपासून घेतलं."

"हो, बघितलं मी."

"नव्या पत्रकावर माझाच फोटो टाकतोय."

"कुठल्या बाजूचा?"

मावशींनी उजवी बाजू कापली. पट्टीजवळ आल्यावर मात्र कडेकडेने, श्वास रोखून, जखमेला एका केसाचाही धक्का लागू न देता. मग डावा कान दुमडून तिथलंही पाहून घेतलं.

साहेब उठले, आरशात केस सारखे केले आणि दाराकडे निघाले. बाहेर रस्ता तव्यासारखा तापला होता.

"साहेब, टोपी राहिली."

"राहू द्या. आत्ताच कापलेत, बसतील."

मावशींनी साहेबांच्या केसांकडे बघत ड्रॉवर उघडला आणि कात्री पुन्हा बाहेर काढली.

साहेबांनी टोपी घातली.