मुराळ्याची मोटार

कडुनिंबाला बांधलेला झोका.

ताटाखाली झाकलेलं सांजोऱ्यांचं सारण.

एका नटाच्या कानशिलावरचे पिकले केस.

साखर कारखान्याचा भोंगा.

पांढरा सदरा, तीन दिवस खुंटीला.

सुरुवात टीव्हीपासून झाली. १९९६चा उन्हाळा. यंत्रमागावरची पाळी संपवून, खानदेशातून पोटासाठी आलेला हिलाल बमरोलीच्या खोलीत जेवायला बसला की बातम्यांच्या आधी ती जाहिरात लागे. आधी धुरकट पिवळ्या रंगात बैलगाडी, तीत माहेरी निघालेली पोर. मग रंग भरत, आणि त्याच वाटेवर चकचकीत मोटार येई. चालवणारा तो नट, ज्याचे सिनेमे हिलालने जत्रेतल्या तंबूत जमिनीवर बसून पाहिले होते. नट उतरून बहिणीची पिशवी उचले. एवढंच.

हिलालचा घास हातात राही. आपणही बहिणीला असंच बैलगाडीतून आणायचो, असं त्याला खरोखर आठवू लागलं. त्याची बायको पुष्पाबाईने भाकरी वाढता वाढता विचारलं, "आपला घर बैलगाडी कधी व्हती?"

तो पडद्याकडेच बघत होता. एवढा मोठा माणूस खोटं कशाला दाखवेल?

त्यांची एकुलती लेक रंजना माघात बारडोलीला दिली होती. जावई साखर कारखान्यात. ही तिची लग्नानंतरची पहिली आखाजी, म्हणजे अक्षय तृतीया. खानदेशातली लेक आखाजीला माहेरी येते, पण आपणहून नाही. न्यायला मुराळी यावा लागतो, बाप नाहीतर भाऊ. तो आला नाही तर तिने उंबरा ओलांडायचा नाही.

पुष्पाबाई म्हणाली, सकाळची बस धरा. हिलालने सुकदेवला गाठलं. सुकदेव शेजारचाच, एका शेठचा ड्रायव्हर. मोटार नेमकी जाहिरातीतली. सणाच्या आदल्या दिवशी दोन-चार तास काढू, असं तो म्हणाला. आदल्या दिवशी शेठ मोटार घेऊन नवसारीला गेला. सणाच्या दिवशी परतला तो दिवे लागल्यावर. पुष्पाबाईने घागर पुजली, पितरांना घास ठेवला, आणि लेकीसाठी केलेलं सांजोऱ्यांचं सारण ताटाखाली झाकून टाकलं.

मोटार तिसऱ्या दिवशी, सण उलटल्यावर, मिळाली.

बारडोलीत व्याही हसत बाहेर आले. सीट चाचपली, एसी लावून पाहिला. जावई आणि शेजारची पोरं कारखान्याच्या फाटकापर्यंत चक्कर मारून आली. विहीणबाई तेवढं बोलल्या, की काल सगळ्यांच्या सुना माहेरी गेल्या आणि आमची दारात उभी. गल्लीतल्या बायका विचारत होत्या, हिला कोणी नाही का.

रंजनाने पाणी आणलं. मोटारीकडे तिने पाहिलं नाही.

"चाल बेटा, पिशवी ले."

"आखाजी व्हई गई, आबा."

"मी गाडी लई उनू."

"मी बसनी वाट दखी."

तिने रिकामा पेला उचलला आणि आत गेली. हिलाल ओट्यावरून उठला. मग सुकदेवला निघू म्हणाला. परतताना तो मागच्या सीटवर कडेला सरकून बसला होता, दुसऱ्या कोणासाठी जागा सोडून बसतात तसा.

लग्नाआधी रंजनाला स्थळं दोन आली होती. धुळ्याचं घर जास्त चांगलं होतं. तिने बारडोली निवडली होती, बमरोली बसने जवळ पडते म्हणून.