मुकादमाला फोड द्यायची नाही

मला फळातलं कळतं. हे मी तोऱ्यात सांगते आणि सांगणारच. कलिंगडावर टिचकी मारली की आत काय चाललंय ते मला ऐकू येतं. पपई आज कापायची की परवा, ते मी देठाकडे बघून सांगते. गिऱ्हाइकाने पेरू दाबून पाहिला तर त्याच्या हातावर चापट मारायलाही मी कमी करत नाही. दुकान उभं केलं माझ्या सासऱ्यांनी, आम्ही त्यांना आप्पा म्हणतो. त्यांचे गुडघे कुरकुरायला लागले तेव्हा गल्ला माझ्याकडे आला. माझा नवरा पहाटे व्हॅन घेऊन बाजारात जातो, माल आणतो, मग दिवसभर तो पोचवत फिरतो. दुकान चालवते मी.

आमच्या दुकानाचा एक रिवाज आहे, आप्पांनी घालून दिलेला. पायरीवर आलेला माणूस कोरड्या तोंडाने परत जाता कामा नये. फळ घ्या, नाहीतर नका घेऊ, पण एक फोड चाखून जा. मी रोज सकाळी जे फळ उत्तम असेल ते कापते आणि गल्ल्यावरून हात लांब करून येईल त्याच्या हातावर एक फोड ठेवते. समोरच्या सुपरमार्केटवाल्यांना हे अजून जमलेलं नाही.

आणि आमच्याकडे मुकादम आहे. मुकादम म्हणजे कासव. सकाळी तो फळांच्या खोक्यांच्या रांगेतून असा काही हळूहळू, मान वर करून फिरतो की कामगारांची हजेरी घ्यायला निघालाय असं वाटावं. तो सासूबाईंचा. त्यांनी त्याला एवढासा असताना आणला, मागच्या अंगणातलं गवत आणि पालापाचोळा खायला घालून वाढवला. हाक मारली की तो भिंतीच्या पलीकडून यायचा. गेल्या वर्षी सासूबाई गेल्या, आणि मुकादम आप्पांच्या वाट्याला आला.

आप्पांना कुठलं गवत नि कुठला पाला माहीत! जन्मभर फळं विकली, माया करायची म्हणजे फळ कापायचं एवढंच त्यांना ठाऊक. ते मागच्या खोलीत खुर्चीत बसून सफरचंद कापायचे, अर्धं स्वतः खायचे, अर्धं मुकादमाला. तोही लाडावला. पाला पुढे केला तर तोंड फिरवायचा.

मग त्याचं पोट बिघडलं. असं तसं नाही, पार पाणी. डोळे खोल गेले, पाय उचलेना. आम्ही त्याला टोपलीत घालून जनावरांच्या डॉक्टरीणबाईंकडे नेलं. त्यांनी त्याला वजनकाट्यावर ठेवलं, तोंड उघडून पाहिलं, आणि विचारलं, "खायला काय देता?"

"उत्तम माल," मी म्हटलं. "दुकानातला सगळ्यात चांगला."

"तेच चुकतंय," त्या म्हणाल्या. "कासवांच्या काही जातींना फळ चालतं. ही जात गवताची. फळातली साखर याच्या पोटात आंबते. आता फळ पूर्ण बंद. पाला, गवत, रोज कोमट पाण्यात थोडा वेळ बसवायचं, पाणी हनुवटीच्या खाली राहील इतकंच. बरा झाला तर पुढे कधीतरी नखाएवढा तुकडा, बी आणि आठळी काढून. लिंबू-संत्रं तर नकोच. पण आत्ता एक फोडसुद्धा गेली तर मला त्याला वाचवता येईल असं वाटत नाही."

आप्पांचा चेहरा उतरला. त्यांनी टोपलीच्या काठावर हात ठेवला आणि म्हणाले, "माझ्या हातून आता त्याला फळ जाणार नाही. शब्द दिला."

आप्पांच्या शब्दावर या बाजारात लोक ट्रकभर माल उतरवायचे. माझ्यापुरता विषय तिथेच संपला.

पण मुकादम सुधारेना. पाल्याला तोंड लावेना आणि पोट तसंच वाहतं. पुन्हा नेलं तर डॉक्टरीणबाई माझ्याकडे न बघता म्हणाल्या, "याला कुणीतरी अजून फळ देतंय."

घरी आल्यावर माझ्या नवऱ्याने तोंड उघडलंच. "आप्पा, तुम्हाला राहवत नाही हे आम्हाला कळतं हो. पण जनावराचा जीव जाईल."

"मी दिलं नाही."

"मग आम्ही दिलं का?"

आप्पा खोलीत गेले, आणि थोड्या वेळाने मी पाहते तर पलंगावर पिशवी उघडी, आत त्यांचे दोन सदरे नि चष्म्याचं घर.

"हे काय?"

"ताईकडे जातो," आप्पा म्हणाले. ताई म्हणजे माझी नणंद. "मी इथे नसलो आणि तो बरा झाला, तर कळेल तुम्हाला कोण देत होतं. आणि नाही झाला, तर तेही कळेल." मग खिडकीकडे बघत म्हणाले, "तसाही तो माझ्याकडे फोडीसाठीच यायचा, सूनबाई. तुझ्या सासूकडे तो तिच्यासाठी यायचा. आता तर येतही नाही."

मला राग आला. मी पिशवीतून सदरे काढले आणि खुंटीला लावले. "तुम्ही कुठेही जाणार नाही. तुम्ही दिलं नाही हे मला माहीत आहे."

"कसं माहीत?"

"तुमच्या बशीवरून," मी म्हटलं. "डॉक्टरकडून आल्यापासून मी दुपारी कापून ठेवते ते सफरचंद तुम्ही खात नाही. तसंच काळं पडून परत येतं. मला काय डोळे नाहीत?"

आप्पा ओशाळले. "त्याचं बंद केलं, मग मी कुठल्या तोंडाने खाऊ? तो पाला खाईपर्यंत मीही खाणार नाही." जन्मभर फळावर जगलेला माणूस हो! मला हसावं की रडावं कळेना. नवरा दारात उभा राहून ऐकत होता. त्याने मान खाली घातली, पण शंका त्याच्या चेहऱ्यावरून गेली नव्हती.

"उद्याचा दिवस द्या मला," मी दोघांना सांगितलं. "मी शोधते."

दुसऱ्या दिवशी मी आप्पांना मुद्दाम न्हाव्याकडे पाठवलं. नवरा व्हॅन घेऊन कधीच गेला होता. दुकानात मी एकटी. मुकादम नेहमीसारखा पायरीवरच्या उन्हात जाऊन बसला. मी त्या मोसमातलं पहिलं कलिंगड चिरलं, लालबुंद, आणि गिऱ्हाइकांच्या हातावर फोडी ठेवायला लागले. गर्दी ओसरल्यावर बाहेर जाऊन मुकादमाला उचलला. त्याच्या तोंडाला ओला लाल रस! कलिंगड तर मी आत्ताच चिरलेलं, आणि आप्पा न्हाव्याकडे!

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. मी गल्ला बंद केला, स्टूल उचललं आणि रस्त्याच्या बाजूला, खोक्यांच्या आडोशाला जाऊन बसले. चाखायच्या फोडींचं ताट गल्ल्यावरच ठेवलं, ज्याची त्याने उचलावी म्हणून.

पहिल्या आल्या चष्मेवाल्या बाई, आमच्या रोजच्या. त्यांनी फोड उचलली, अर्धी खाल्ली, मग खाली वाकल्या. "तू पण खा रे राजा," म्हणाल्या आणि उरलेली मुकादमापुढे धरली. त्यांच्यामागून पोस्टमन. त्यानेही शेंड्याचा तुकडा तोडून खाली टाकला. मग शाळेतल्या एक बाई. प्रत्येकाने जेमतेम घासभर दिलं, पण सगळ्यांनी मिळून मुकादमाचं पोट भरेपर्यंत दिलं. गल्ला उंच, पुढे खोक्यांची उतरंड, मला आतून फक्त माणसांची डोकी दिसायची. पायाशी काय चाललंय ते मला कधी दिसलंच नव्हतं.

म्हणजे त्याला फळ चारत कोण होतं? आमचा रिवाज! आणि फोडी कापत होते मी!

"अहो बाई!" मी आडोशातून उठले तर अजून पेरू निवडत असलेल्या चष्मेवाल्या बाई दचकल्या. "मारायचाय का त्याला?"

त्यांना सगळं सांगितलं तेव्हा त्या रडकुंडीला आल्या. "मला वाटलं, फळवाल्यांचं कासव आहे, फळच खात असेल."

बरोबरच होतं त्यांचं. त्यांना तरी काय बोलायचं?

दुपारी मी नवऱ्याला आणि आप्पांना समोर बसवून सांगितलं. नवरा उठला आणि आप्पांच्या पायाशी जाऊन बसला. "चुकलो," एवढंच म्हणाला. आप्पांनी त्याच्या टाळूवर एक टप्पल मारली, हलकीच.

"आता फोडी बंद करू," नवरा म्हणाला. "नाहीतर पाटी लावू."

"पाटी वाचतं कोण?" मी म्हटलं. "आणि आप्पांचा रिवाज बंद करायला मी काय मेलेय? आप्पा, उद्यापासून तुमची खुर्ची मागे नाही. पायरीवर, मुकादमाशेजारी. पाल्याची टोपली मांडीवर. माणसाला फोड मी देणार. मुकादमाला ज्याला द्यायचं असेल त्याने तुमच्याकडून पान मागून घ्यायचं."

आप्पा कामावर आले हो! इस्त्रीचा सदरा घालून बसले. कुणी फोड घेऊन वाकलं की त्यांचा हात मध्ये. "हं, हं. ते तुमचं. हे त्याचं." लोकांना भारी गंमत वाटायची. फक्त मुकादमाला गंमत वाटत नव्हती. तो पानाचा वास घ्यायचा आणि तोंड फिरवायचा. आप्पा न कंटाळता दुसरं पान पुढे करायचे. दुपारी माझं सफरचंद पुन्हा काळं पडून परत यायचं. पोट वाहायचं थांबलं होतं, पण तो काही खात नव्हता, आणि आता मलाही धास्ती वाटायला लागली. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, कोमट पाण्यात बसवत राहा, धीर धरा.

एका सकाळी चष्मेवाल्या बाई पदराखाली काहीतरी झाकून आल्या. त्यांच्या गच्चीवरची जास्वंदीची फुलं, टपोरी, लाल.

"औषध मारलेलं नाही ना?" मी आधी विचारलं.

"देवाशप्पथ नाही. डॉक्टरांना फोन करून विचारलं, चालतं म्हणाल्या."

आप्पांनी एक फूल घेतलं, त्याभोवती जास्वंदीचंच पान गुंडाळलं आणि जमिनीवर ठेवलं नाही. पायरीच्या दुसऱ्या टोकाला बसले, हात खाली सोडला, आणि सासूबाई मारायच्या तशी हाक मारली. "ये रे बाळा."

मुकादमाने मान वर केली. गिऱ्हाईक थांबलं, मी हातातली सुरी तशीच धरून उभी. तो उठला, एक पाय, मग दुसरा, आणि उन्हातून सरळ आप्पांच्या हाताकडे चालत गेला. लाल पाकळी त्याने आधी खाल्ली. मग पान. मग आप्पांच्या टोपलीतलं साधं पान, ज्यात फूल नव्हतं. तोंडाचा कुरकुर आवाज मला गल्ल्यापर्यंत ऐकू आला.

आप्पांनी सदऱ्याच्या बाहीने डोळे पुसले, आणि मग माझ्याकडे वळले.

"सूनबाई, आता मला एक फोड काप. पातळ नको, चांगली जाड."