सतरा शनिवार

दारातल्या पत्राच्या फटीची झडप खट्‌कन वाजली आणि पाकीट पायपुसण्यावर पडलं. फुटबॉलचा हंगाम संपला की मे महिन्यात हे पत्र येतं, आणि ब्रॅशो गावातली प्रत्येक खेळाडूची बायको त्या दिवशी कान दाराकडे लावून काम करते.

माझ्या नवऱ्यानं, विल्फनं, ते वाचून माझ्यापुढे सरकवलं. क्लबनं त्याला काढलं होतं, आणि सोडलंही नव्हतं. पगार बंद. घर क्लबचं, तेव्हा महिनाअखेर रिकामं करायचं. त्याच्या जागी नवा गोलकीपर येतोय. पण विल्फचं नाव क्लबच्याच यादीत राहणार. दुसऱ्या कुणाला तो हवा असेल तर त्यांनी आधी ब्रॅशोला किंमत मोजायची, आणि ती अशी की तेहतीस वर्षांच्या माणसासाठी कुणी मोजणार नाही. पलीकडच्या हॉल्मडेनच्या लहानशा क्लबला तो हवा होता. त्याबरोबर गिरणीत काम, राहायला दोन खोल्या. पण फुकट सोडला तरच.

जानेवारीत, गोठलेल्या मैदानावर, एक धिप्पाड गडी बॉलसकट त्याच्या अंगावर आला आणि विल्फचं बोट मोडलं. तो कुणालाच बोलला नाही. गोलमधली जागा एकदा दुसऱ्याला दिली की परत मिळत नाही. मग दर शनिवारी बाळाच्या जुन्या लंगोटाची पट्टी फाडून मी ते बोट शेजारच्या बोटाला बांधायचे, वर लोकरीचा हातमोजा चढवायचे. तो ओठ चावून माझ्या केसांकडे बघत बसायचा. असे सतरा शनिवार.

बाळाला कडेवर घेऊन, थोरल्या नोराचं बोट धरून मी पॉम्फ्रेटसाहेबांच्या मटणाच्या दुकानात गेले. क्लबच्या मंडळात त्यांचाच शब्द चालतो. रांगेतली मिसेस टॅटरसॉल म्हणाली, "सॉसेज नीट धर हो, तुमच्या घरात हातातून सुटायची सवय आहे." सगळ्या हसल्या. मीही हसले.

हळू आवाजात साहेबांना म्हटलं, पगार नको, घर नको, फक्त नाव तेवढं काढा. सुरी पुसत ते म्हणाले की नियम सगळ्यांना एकच. आज सोडलेला गडी उद्या आमच्याच विरुद्ध उभा राहतो. ते शांत होते, म्हणूनच माझा तोल गेला असावा.

"सतरा सामने मोडक्या बोटानं खेळलाय तो तुमच्यासाठी."

सुरी थांबली.

"असं होय," ते म्हणाले. "म्हणून ते गोल जात होते. आणि पोरी, हॉल्मडेनवाल्यांना हे ठाऊक आहे का? त्यांचा सेक्रेटरी रविवारी चर्चमध्ये माझ्याच शेजारी बसतो."

त्यांनी दोन सॉसेज जास्तीचे कागदात गुंडाळले, मुलांसाठी म्हणून. मी ते घेतले. याची लाज मला अजून वाटते.

चढावर नोरा दोनदा मागे राहिली. आमच्या दाराशी विल्फ उभा होता, शर्टाला ठेवणीतली कॉलर लावून, हॉल्मडेनला जायला तयार. त्यानं हात वर केला.

नोरानं माझा झगा ओढला.

"आई, बाबा म्हणाले होते, बोटाचं कुण्णाला सांगायचं नाही. मी नाही सांगितलं. मग तू का सांगितलंस?"