गाळलेले प्रकरण

"त्या बाईची खुर्ची काढून घ्या आधी! आमच्या पोटावर पाय देऊन वर बसायला खुर्ची?"

मागून आरोळी आली. बोलायला म्हणून ती उठली होती, तेवढ्यात कुणीतरी खुर्ची ओढून नेलीसुद्धा. ती तशीच उभी राहिली.

वीजकेंद्राच्या कँटीनचा हॉल माणसांनी गच्च भरला होता. कोळशावर चालणारे हे केंद्र दोन वर्षांत बंद करायचे ठरले होते आणि त्याची आज सुनावणी होती. बंद करण्याची शिफारस तिच्या अहवालात होती. मुखपृष्ठावर नावही तिचेच.

सव्वीस वर्षे ती पर्यावरण खात्यात अर्थतज्ज्ञ होती. आजचा धूर उद्याच्या माणसांना केवढ्याला पडेल, ते मांडायचे, हे तिचे काम. त्या हिशेबातल्या एका टक्क्यासाठी ती वरिष्ठांशी हमरीतुमरीवर यायची. खात्यात तिला 'टक्केबाई' म्हणत. "टक्के बाईंचे, टोणपे आमचे," असेही म्हणत, तिला ऐकू जाईल अशा बेताने.

तिसऱ्या रांगेत तिचा धाकटा भाऊ हाताची घडी घालून बसला होता. तो इथेच कोळशाची क्रेन चालवायचा. सकाळी ती त्याच्या घरी गेली, तर भावजयीने दार वीतभर उघडले. "ते आंघोळीला गेलेत," म्हणाली आणि लावून घेतले. आत नळाचा आवाज नव्हता.

"या धुरानं खालच्या वस्तीतली मुलं आजारी पडतायत," तिने सुरुवात केली.

"मुलांचं नाव काढू नका! आमची मुलं काय स्वच्छ हवा खाऊन जगणार?"

हॉल हसला. त्या हसण्याला दात होते.

मग भाऊ उठला, तसे सगळे गप्प झाले. नाते साऱ्यांना ठाऊक होते.

"मॅडम, एक विचारायचंय."

जन्मात त्याने तिला 'ताई'खेरीज दुसरी हाक मारली नव्हती.

"तुमच्या अहवालात आठ प्रकरणं होती म्हणे. छापली सात. गाळलेल्यात काय होतं?"

"तुमची सोय. नवं काम, त्याचं शिक्षण, पाच वर्षं पगाराची हमी. आधी हे द्या आणि मगच टाळं लावा, असं लिहिलं होतं मी."

"गाळलं कुणी?"

"वरून गाळलं."

"आणि सही?"

"माझी."

"सही करताना माहीत होतं?"

शेजारी बसलेला सुनावणी अधिकारी पुटपुटला, "उत्तर द्यायचं बंधन नाही, बाई."

'नाही' एवढा एकच शब्द पुरला असता. सगळे खापर वरच्यांवर फुटले असते आणि भाऊही हाताशी राहिला असता.

"माहीत होतं," ती म्हणाली. "सगळंच बुडण्यापेक्षा अर्धं तरी पदरात पडेल, उरलेलं मागाहून भांडून घेऊ, असं वाटलं. चुकलं माझं."

"अर्धं पडलं कुणाच्या पदरात, मॅडम?"

एकच गिल्ला झाला. चहाचा कागदी पेला येऊन तिच्या खांद्यावर आदळला. तिने ओघळ पुसला आणि पिशवीतून कागदांचा गठ्ठा काढला.

"हे गाळलेलं प्रकरण. नोंदीत घ्या."

"मंजूर अहवालाबाहेरचं घेता येत नाही," अधिकारी म्हणाला.

"साक्ष घेता येते ना?"

"तोंडी. वाचून दाखवाल तेवढीच. पण बाई, नोकरीवर गदा येईल."

"येऊ दे. इथं सगळ्यांवर आलीच आहे."

ती वाचू लागली. खुर्च्या करकरल्या, शिव्या देत माणसे उठली. दुसऱ्या पानालाच भाऊ बाहेर पडला. त्याने मागे वळून पाहिले नाही.

आठवड्याभरात तिला निलंबनाचे पत्र आले. केंद्र ठरल्या दिवशी बंद झाले. कामगारांचा वकील मात्र नोंदीतली तिची साक्ष घेऊन कोर्टात गेला आणि भांडून भांडून तीन वर्षांच्या पगाराची हमी मिळाली. भावालाही मिळाली. त्याचा फोन कधी आला नाही.

पण त्या दुपारी यातले काहीच तिला ठाऊक नव्हते. अधिकाऱ्याचा डोळा लागला होता. झाडूवाली बाई खुर्च्या एकात एक अडकवून भिंतीशी लावत होती. साक्ष उतरवून घेणारा म्हातारा लघुलेखक तेवढा समोर होता.

"कोष्टकंही वाचणार?" त्याने विचारले.

"कोष्टकंही."

"मग जरा सावकाश, बाई. मागे पडतोय मी."

ती थांबली. "कुठवर आलात?"

"'एकाही कुटुंबाला', इथवर."

तिने त्या ओळीवर बोट ठेवले, आणि ते वाक्य पुन्हा पहिल्यापासून वाचायला घेतले.