पेरिनाच्या खिडकीखालचं नाटक

बेटावरच्या कोमिझा गावच्या चौकात नाटक असलं की खुर्च्या सकाळीच येऊन बसतात, माणसं संध्याकाळी येतात. ज्याने त्याने आपल्या घरची खुर्ची आणायची, आणि ती कुठे मांडायची यावरून दर उन्हाळ्याला एखाददुसऱ्या घरात अबोला ठरलेला. यंदा तर दोब्रिला झुआनिचचा प्रयोग होता. गावची लेक, राजधानीत झाग्रेबला जाऊन मोठी नटी झालेली, त्यामुळे पहिल्या रांगेसाठी उजाडायच्या आतच झुंबड उडाली. म्हाताऱ्या बेपोने स्वतःच्या खुर्चीशेजारी स्वर्गवासी बायकोचीही खुर्ची आणून ठेवली. त्यावर हरकत घ्यायची कुणाची छाती झाली नाही.

खुर्ची आली नव्हती ती एकाच घरातून, आणि त्याच घराची खिडकी रंगमंचाच्या बरोब्बर डोक्यावर होती. हिरव्या झडपा ऐन ऑगस्टात गच्च बंद. आत दोब्रिलाची थोरली बहीण पेरिना राहत होती.

दोब्रिला बेपोजवळ येऊन बसली. सत्तरी उलटली होती, गुडघे कुरकुरत होते, पण पाठ अजून सरळ.

"सासूबाई, कॉफीत साखर घालू की तुमच्यात आहे तेवढी पुरे?" कॉफीवाल्याने लांबूनच विचारलं.

हे असं होतं. रंगभूमीवर तिने राण्या केल्या, वेड्या बायका केल्या, बक्षिसं मिळवली. सिनेमात लढाईच्या धुरात गोळी लागून इतक्या वेळा मेली की पडायचं कसं हे तिला झोपेतही जमलं असतं. पण देशभर तिला ओळखत ते सासू म्हणून. कधीकाळी टीव्हीच्या मालिकेत तिने एका गरीब सुनेला छळ छळ छळलं होतं. झाग्रेबच्या बाजारातल्या भाजीवाल्या अजून तिच्या पिशवीत मऊ पडलेले टोमॅटो ढकलतात, त्या सुनेच्या वतीने. दोब्रिला ते निमूट घेते आणि घरी जाऊन त्यांचं सार करते. तिला त्यात आपल्या कामाची पावतीच मिळाल्यासारखी वाटते.

"पेरिना काही बोलली का?" तिने बेपोला विचारलं.

"बोलली की. म्हणाली, तिला सांग, मी घरी नाही."

"घरातून सांगितलं, घरी नाही म्हणून?"

"झडपेच्या फटीतून. वर म्हणाली, बाईसाहेबांचे प्रयोग असतात, त्यांनी कशाला आमच्या दारात वेळ घालवावा?"

दोब्रिला हसली. मग तिचं कॉफीवरचं लक्षच उडालं, कारण टोमणा बरोबर वर्मी लागला होता.

कित्येक वर्षांपूर्वी त्यांची आई गेली त्या सकाळी पेरिनाने फोन केला होता. "आत्ता नीघ, रात्रीची बोट मिळेल." पण रात्री दोब्रिलाचा प्रयोग होता, विनोदी नाटक, थिएटर खचाखच भरलेलं. नटाच्या घरी मरण आलं तरी पडदा वर जायलाच हवा, ही नाटकवाल्यांची जुनी रीत, आणि दोब्रिला तिला देवासारखी मानायची. तिने त्या रात्री माणसं पोट धरधरून हसवली. पहाटे समुद्रावर जुगो सुटला. हे दक्षिणेचं वारं पिसाळलं की बोटी जागच्या हलत नाहीत. ती पोचली तेव्हा आईला पुरून झालं होतं आणि पेरिना एकटीच हातपाय धुऊन बसली होती. एवढ्यावरही कदाचित भागलं असतं. पण त्या आठवड्यात पेपरात फोटो आला, 'अश्रू गिळून हसवणारी दोब्रिला'. कुणी शहाण्याने तो कौतुकाने पेरिनाला नेऊन दाखवला. पेरिनाने त्या पेपरात मासळीची डोकी गुंडाळून मांजरांना टाकली आणि बहिणीशी बोलणं जे बंद केलं ते आजतागायत.

पत्रं झाली, फोन झाले. या वेळी तालमींसाठी येऊन राहिल्यावर रोज दार वाजवून झालं. उद्या सकाळच्या बोटीने नाटकाची मंडळी परतणार होती. पेरिना ऐंशीच्या पुढे गेलेली. पुढचा उन्हाळा दोघींना मिळून दिसेल असं दोब्रिलाला मुळीच वाटत नव्हतं. आज बोलणं झालं नाही तर ते राहूनच जाणार होतं.

"जाऊ दे गं," बेपो म्हणाला. "ती दगड आहे."

"दगड नाही रे. माझ्यापेक्षा मोठी नटी आहे. इतकी वर्षं एकच भूमिका, आणि एकदाही चुकली नाही."

नाटक गावाचंच होतं. एक कोळीण, नवरा-मुलगा समुद्रावर, आणि ती त्यांची वाट बघत रात्रभर सार्डिन मासे खारवत बसते. याच चौकातल्या तालमीत दिग्दर्शक वेद्रानने माशांच्या जागी चिंध्या दिल्या होत्या. ऑगस्टात रोज खरी मासळी आणली असती तर वासानेच नटमंडळी पोहत परत गेली असती. प्रयोगाला मात्र खरी आली, चकचकीत, त्याच दिवशीची. रंगमंचावर लाकडी पिंप, शेजारी जाड मीठ.

दिवे लागले. टाळ्या पडल्या. दोब्रिलाने पहिलं वाक्य म्हटलं आणि चौक गप्प झाला. आवाजात अजून तीच ताकद होती. पिंपाशी बसता बसता तिने वर पाहिलं. झडपा बंद.

खारवायचं कसं हे त्या दोघींना आईने मागच्या तळघरात शिकवलं होतं. तळाला मीठ. त्यावर मासे, एकाला एक चिकटून. वर मीठ. पुढचा थर पहिल्याला आडवा. मग पुन्हा मीठ. पेरिनाने तर पुढे मासळीच्या कारखान्यात तेच करून जन्म काढला. दोब्रिलाचे हात डोळे बांधूनही चुकले नसते.

तिने मूठभर मासे उचलले आणि कोरड्या पिंपात नुसतेच टाकले.

पहिल्या रांगेतल्या बायकांनी एकमेकींकडे पाहिलं. दोब्रिला वाक्यं म्हणत राहिली. आणखी मासे टाकले, वाकडेतिकडे, डोकी कुठेही. वरून मीठ भुरभुरवलं, कोंबड्यांना दाणे टाकावेत तसं.

"शहरात जाऊन पार वाया गेली," कुणीतरी हळहळलं.

तिने तिसरी मूठ टाकली. तोच वर झडप धाडकन भिंतीवर आदळली.

"तळाला मीठ, दोब्रे! तळाला! अगं सडतील ना ते! आईने हे शिकवलं तुला?"

चौक हसून कोसळला. वेद्रानने कपाळाला हात लावला आणि मग तो हात हवेत फिरवायला लागला. पुढे चल, पुढे चल. दोब्रिलाने तिकडे बघितलंच नाही. आजवर तिच्या प्रयोगात वीज गेली, नट बेशुद्ध पडला, एकदा तर पडदाच पेटला, पण ती कधी थांबली नव्हती. आता ती उठून उभी राहिली आणि थांबली.

"नाटक थांबलंय," ती लोकांना म्हणाली. मग वर बघून, "खाली ये, पेरिना. मला तुझ्याशिवाय पुढे जायचं नाही."

हसणं विरलं. खिडकी रिकामी झाली. चौक ताटकळत बसला. मग खालचं दार उघडलं आणि पेरिना आली, घरातल्या सपाता आणि एप्रन तसाच. खुर्च्यांमधून वाट काढत ती रंगमंचावर चढली. पिंप तिने सरळ उपडं केलं. तळाला मीठ पसरलं, खाली बसली आणि मासे लावायला घेतले. दोब्रिलाही शेजारी टेकली आणि तिच्या हातात मासे देऊ लागली. पहिला थर झाला. दुसरा आडवा लागला.

"त्या दिवशीही थांबवता आलं असतं," पेरिना मान वर न करता म्हणाली.

"आलं असतं," दोब्रिला म्हणाली. "मी थांबवलं नाही. माझं चुकलं गं."

पेरिनाने मिठाची मूठ भरली, पण ती तिच्या हातातच राहिली. एप्रनच्या टोकाने तिने नाक पुसलं.

"बरं. लोक बसलेत. चालू कर तुझं."

दोब्रिलाने तोंड उघडलं आणि आयुष्यात पहिल्यांदाच तिला वाक्य आठवेना. वेद्रान तोंडाने काहीतरी खुणावत होता, ते तिला दिसलंही नाही. डोळे भरून आले होते.

"'कंदील विझवा, तेल जळतंय,'" पेरिना तिच्या कानाशी म्हणाली. "हे आहे तुझं आता. तालमीत रोज इथेच हात पुसायचीस."

दोब्रिलाने वर त्या उघड्या झडपेकडे पाहिलं. मग तिने वाक्य म्हटलं, पण अगदी हळू, पेरिनाशीच बोलल्यासारखं.

"मोठ्याने," पेरिना म्हणाली. "मागच्या खुर्च्यांना ऐकू गेलं नाही."