पंखाचा पांढरा

आत्याने हॉस्पिटलची तारीख तिसऱ्यांदा मोडली तेव्हा मी हात टेकले. पहिल्यांदा म्हणाली, अंडी फुटायची आहेत. दुसऱ्यांदा म्हणाली, अळ्या कात टाकतायत. तिसऱ्यांदा डोळ्यांच्या डॉक्टरीणबाईंनी स्वतः फोन केला आणि मोतीबिंदू फार पिकला तर काढायला जड जाईल म्हणून बजावलं, तर ही त्यांनाच म्हणते, "अहो, मोतीबिंदू कुठे पळून जाणार आहे? अळ्या जातील." आणि फोन माझ्या हातात कोंबून जिना चढून गेली. माफी मागायला मी आहेच.

माझं तसबिरींना फ्रेम करून द्यायचं दुकान आहे. खाली दुकान, वर दोन खोल्या, एकीत मी आणि एकीत आत्या. माझे वडील, म्हणजे तिचा भाऊ, गेल्यापासून आम्ही दोघीच. आत्याने जन्मभर शाळांसाठी तक्ते रंगवले. बेडकाचं पोट, फुलाचे भाग, दातांचे प्रकार. निवृत्त झाल्यावर माणसं जरा पाठ टेकतात. हिने पुस्तक काढायला घेतलं. रानातल्या पतंगांची चाळीस चित्रं, प्रत्येकात एक पतंग आणि त्याच्या अळीला लागणारं रानफूल. फूल कशाला, नुसता पतंग काढ की, असं मी एकदाच म्हणाले होते. त्यावर अर्धा तास ऐकून घ्यावं लागलं. पतंग कुठल्याही फुलावर बसेल, पण त्याची अळी ठरल्या झाडाशिवाय तोंड उघडत नाही. ते झाड तण म्हणून उपटलं की पतंगाचा वंश बुडाला. आणि उपटणारे तुझ्यासारखेच असतात.

नऊ वर्षं हे चाललं होतं. एकोणचाळीस चित्रं झाली होती आणि एक उरलं होतं. ते झाल्याशिवाय डोळ्याला कोणाचा हात लागू द्यायचा नाही, असा तिचा हट्ट.

बरं, फोटो बघून काढ म्हणावं, तर नाही. टाचणीला टोचलेला नमुना बघून काढ म्हणावं, तर, "मी काय पंचनामा करायला बसलेय?" सगळं जिवंत पाहिजे. म्हणून घरात अळ्या. माझ्या माउंटच्या, म्हणजे चित्राभोवती लावायच्या जाड कागदांच्या शेल्फावर, वर जाळी बांधलेल्या काचेच्या बरणीत. गिऱ्हाइकं विचारायची, ताई, हे काय, आणि मी म्हणायचे, आमचे पाहुणे.

हा चाळिसावा पतंग पांढराशुभ्र, पंखांवर लाल आणि काळे ठिपके. दिवसाढवळ्या उडतो, म्हणून सापडला तरी. त्याची अळी खुळखुळ्यावर वाढते. खुळखुळा म्हणजे पिवळ्या फुलांचं रानटी झुडूप. त्याच्या वाळलेल्या शेंगा हलवल्या की आतले दाणे वाजतात. दुकानामागे गाड्या लावायची जागा आहे, तिथे भिंतीच्या कडेला ते माजलंय. अळी हिरव्या शेंगेला भोक पाडते, डोकं आत घालते आणि कोवळे दाणे खाते. शेंगा शिळ्या चालत नाहीत. रोज सकाळी ताज्या लागतात आणि त्या आणायला अर्थातच मी, कारण आत्याला शेंग आणि पान यातला फरक हाताने चाचपून कळायचा.

"घरात कोणी आजारी आहे का?" गाड्यांवरच्या राखणदाराने एकदा विचारलं. "रोज पाला नेता म्हणून म्हटलं."

"आहे," मी म्हणाले. "डोक्याने."

शेवटी एका मंगळवारी सकाळी कोषातून पतंग बाहेर आला. आत्या दोन दिवस खोलीतून हलली नाही. चहा दाराशी ठेवायचा, कप दाराशी मिळायचा. बुधवारी दुपारी तिने वरून हाक मारली, "चौकटबाई, या वर!" मला ती लहानपणापासून बये म्हणायची, दुकान घेतल्यापासून चौकटबाई. वर गेले तर तिने खिडकी उघडून पतंग सोडूनही दिला होता. पांढरा उठून दिसावा म्हणून घेतलेला चित्राचा राखाडी कागद माझ्या हातात ठेवला. तिचा चेहरा असा फुलला होता की माझा तीन महिन्यांचा वैताग क्षणात उतरला.

"चाळीस," ती म्हणाली. "उद्या प्रकाशक सगळी चित्रं न्यायला येतायत. एवढं कापून दे. आणि तुझ्या त्या डॉक्टरीणबाईंना सांग, शुक्रवारी येते. बघू काय करतात ते."

मी नाचत खाली आले. आता कापणं म्हणजे काय ते सांगायला हवं. आत्या चित्र काढताना कागदाच्या कडेला रंगपट्टी काढते. प्रत्येक रंग मिसळला की आधी त्याचा एक चौकोन कडेला, तो जिवंत पंखाच्या बाजूला धरून जुळवायचा, जुळला की खाली नाव लिहायचं आणि मगच तो रंग चित्रात जायचा. तक्ते रंगवण्यापासूनची तिची शिस्त. चित्र झालं की ती पट्टी मी माझ्या कटरने कापून टाकते. चाळीस वेळा नसेल, पण एकोणचाळीस वेळा कापलीय, आणि खरं सांगते, नीट बघितली एकदाही नाही. काप म्हटलं की कापायचं.

या वेळी बघितली, कारण कापायच्या फळीवर बरणीतल्या शेंगांसोबत आलेलं खुळखुळ्याचं फूल पडलं होतं आणि पट्टीतला एक चौकोन त्याच्या शेजारी आला. फुलाइतका गडद नाही, पण सरळसरळ पिवळा. खाली आत्याच्या अक्षरात लिहिलं होतं: पंखाचा पांढरा.

मी चित्र खिडकीशी नेलं. पतंग पिवळा होता. सुरेख होता, भिंगातून बघून काढलेली शीर न् शीर जागच्या जागी, पण जुन्या वर्तमानपत्रासारखा पिवळा. मी काल दारातून डोकावून तो पतंग बघितला होता. धुतलेल्या चादरीसारखा पांढरा होता तो.

मला इतका राग आला की सांगता सोय नाही. तिचा राग आला, मोतीबिंदूचा आला, त्या अळ्यांचा आला. आता काय करायचं? सांगितलं तर ही शुक्रवार मोडणार, त्याच डोळ्यांनी पुन्हा काढायला बसणार, आणि पुन्हा पिवळाच काढणार. नाही सांगितलं तर उद्या प्रकाशक चित्र घेऊन जाणार, आणि ज्या बाईने बेडकाच्या आतड्याचा रंगसुद्धा कधी चुकवला नाही तिच्या पुस्तकात पांढरा पतंग पिवळा छापला जाणार. धरलं तर चावतं, सोडलं तर पळतं. आधीची एकोणचाळीस काढून बघायची तर माझी छातीच झाली नाही.

मी रंगपट्टी न कापता कागद तसाच फळीवर दाबून धरला, पोलादी पट्टी लावली आणि कटर पतंगाच्या बरोबर मधून ओढला.

तीस वर्षांत माझं पातं एकदाही घसरलेलं नाही. लग्नांचे फोटो, पदव्या, लोकांच्या आजोबांची तैलचित्रं, कशालाही नाही. वर जाऊन सांगितलं, आत्या, पातं घसरलं, तेव्हा तिचा विश्वासच बसेना. तिने दोन तुकडे बोटांनी चाचपले. मग जी सुरू झाली! गधडी म्हणाली, हात काय गहाण टाकलेस का म्हणाली, तुझ्याकडे माझ्या मयताचा फोटोही फ्रेमला देणार नाही म्हणाली. ती थकून गप्प झाली तेव्हा मी म्हणाले, बरणीतल्या उरलेल्या अळ्या अजून बारीक आहेत, पतंग व्हायला तीन आठवडे लागतील, तोवर तुझा डोळा होऊन जाईल, प्रकाशकांना मी थांबवते.

"आणि अळ्यांना बघणार कोण?"

"मी."

"तू? मग मेल्यातच जमा त्या."

पण शुक्रवारी आली. रिक्षात तोंड बाहेर करून बसली, तो भाग वेगळा.

उजवा डोळा उत्तम झाला. घरी आणलं तरी आत्या माझ्याशी कामापुरतंच बोलायची. थेंब. पाणी. दिवा बंद कर. मी रोज सकाळी शेंगा आणत होते, बरणी पुसत होते, नऊ अळ्या मोजत होते. एक दिवस आठच भरल्या तर घाम फुटला मला. नववी शेंगेच्या आत शेपटीपर्यंत घुसून बसली होती. स्वतःची पोरं असती तरी इतकं केलं नसतं.

चौथ्या दिवशी सकाळी आत्या म्हणाली, "ते तुकडे आण."

"टाकले मी."

"तू सुतळीचा तुकडा टाकत नाहीस. आण."

मी आणले. रंगपट्टी अजून कडेला होतीच. आत्या खिडकीशी बसली. नव्या डोळ्याने बघितलं. मग हाताने तो झाकून जुन्या डोळ्याने बघितलं. पुन्हा नव्याने. पुन्हा जुन्याने. मला वाटलं, ही आता दिवसभर हेच करत राहणार.

"उजव्याने पिवळा दिसतो," ती म्हणाली. "डाव्याने पांढरा. त्याला दोन्हीत फरकच कळत नाही." मग माझ्याकडे न बघताच, "पातं घसरलं नव्हतं."

"नाही."

मी सगळं सांगितलं. खरं सांगायचं तर मला वाटलं होतं, ती माझा हात धरेल. किती विचार केलास गं माझा, असं काहीतरी म्हणेल.

"चित्रावर पातं चालवायला हात धजावला तुझा," आत्या म्हणाली. "तोंड नाही उघडवलं?"

"तू ऑपरेशन मोडलं असतंस!"

"मोडलं असतं. भांडले असते, रडले असते, डोकं आपटलं असतं. पण ते माझं मी केलं असतं. तू मला बरणीत ठेवलंस, वर जाळी बांधून."

मग माझाही तोल गेला. इतक्या महिन्यांचं साठलेलं सगळं बाहेर आलं. "आणि तू? तुला दिसत नव्हतं हे तुला कळत नव्हतं? तीन तारखा मोडल्यास! मी काय दगड आहे?"

तिने हातातले तुकडे मांडीवर ठेवले. "कळत होतं," ती म्हणाली. "सुईत दोरा जाईना तेव्हापासून. दीड वर्ष झालं. डोळा कापताना बिघडला तर चाळिसावं राहून जाईल, म्हणून आधी ते उरकायचं होतं. दिसणं कमी होतंय हे माहीत होतं गं. रंग जातोय हे नव्हतं माहीत. मला वाटायचं, डोळा गेला तरी रंग मला कळेल."

मला तिची इतकी दया आली की रागवायला जागाच उरली नाही.

"बाकीची काढ," ती म्हणाली.

एकोणचाळीस चित्रं दोन दिवस आम्ही खिडकीशी लावून बघत होतो. ती नव्या डोळ्याने बघायची आणि डावीकडे किंवा उजवीकडे ठेवायची. डावीकडे पाच गेली. पाचही दीड वर्षातली. एकात निळी फुलं काळपट झाली होती, एकात पतंगाचा जांभळा चक्क तपकिरी. मी तिचा चेहरा बघायचं टाळत होते.

मग तिने प्रकाशकांना फोन लावायला लावला आणि म्हणाली, "तू सांग. तू थांबवलंस त्यांना, तूच सांग."

मी सांगितलं. पाच चित्रांचे रंग चुकलेत, आत्याला दिसत नव्हतं. हे वाक्य मी पहिल्यांदाच मोठ्याने म्हणत होते, आणि ते तिच्या समोर म्हणत होते. फोन स्पीकरवर होता. प्रकाशक सज्जन माणूस. म्हणाले, महिनाभर थांबतो, शेवटचं पुन्हा काढा. पण बाकीच्या पाचांची झाडं आता वाळून गेलीत, ती पुढच्या वर्षीच उगवणार, आणि वर्षभर थांबणं त्यांना शक्य नव्हतं.

"बाई, इतकं मनाला लावून घेऊ नका," ते म्हणाले. "छापताना आम्ही थोडं उजळून घेऊ. कोणाला कळणार आहे?"

"ते झाड ज्याच्या दारात आहे त्याला कळेल," आत्या म्हणाली. "शेवटचं धरून पस्तीस होतात. पस्तीसच छापा."

"पण तुमचे चाळीस..."

"पस्तीस छापा म्हटलं ना."

मी फोन ठेवला. नऊ वर्षं मी या चाळिसाला शिव्या दिल्या होत्या, त्या आकड्याचं नाव काढलं की माझं डोकं उठायचं, आणि आता माझ्या डोळ्यांना धार लागली. आत्याने पाच चित्रं नीट एकावर एक रचली, दोऱ्याने बांधली आणि ताठ बसली.

"रड," ती म्हणाली. "मला डॉक्टरीणबाईंनी पंधरा दिवस बंदी केलीय."

मी तिच्याजवळ बसून दोघींच्या वाटचं रडले.